मित्राचा नकार

खरा मित्र कोण, असे कुणी विचारले तर आपल्यापैकी बहुतेकांच्या ओठी एकच उत्तर येते : जो अडचणीच्या वेळी धावून येतो तो. वडीलधाऱ्यांनी आपल्याला हेच सांगितले. शाळेत असताना अस्वल आणि दोन मित्र यांच्या गोष्टीतून आपण हेच शिकलो. झाडावर चढून बसणारा मित्र खोटा आणि जो सोडून जात नाही तो खरा, हा धडा आपल्या मनात इतका खोलवर रुजला आहे की त्याविषयी अधिक विचार करण्याची गरज आपल्याला वाटत नाही. हे उत्तर चुकीचे आहे असे आम्हांला म्हणायचे नाही. संकटात पाठ फिरवणाऱ्याला मित्र कोण म्हणेल? परंतु हे उत्तर अपुरे आहे, आणि त्याच्या अपुरेपणामुळे आपल्या कुटुंबांत, वाड्यांत आणि धर्मग्रामांत पुष्कळ चांगल्या मैत्र्या अकारण तुटतात, असे आम्हांला वाटते. म्हणून त्याचा थोडा विचार करू या.

अडचणीत धावून येणे हीच मैत्रीची एकमेव कसोटी मानली तर त्या कसोटीवर आपण मित्राला पारखत नसतो. आपण आपली गरज पुढे ठेवतो आणि ती कुणी भागवली एवढेच मोजतो. ज्याने ती भागवली तो खरा, ज्याने नाही भागवली तो खोटा. मग ‘गरज सरो वैद्य मरो’ ही म्हण मित्रालाही लागू पडू लागते. ग्रीक तत्त्ववेत्ता ॲरिस्टॉटल याने आपल्या नीतिशास्त्रावरील ग्रंथात मैत्रीचे तीन प्रकार सांगितले आहेत. काही मैत्र्या उपयोगासाठी असतात, काही सहवासाच्या सुखासाठी, आणि काही परस्परांच्या चांगुलपणावरील प्रेमातून जन्मतात. पहिल्या दोन प्रकारच्या मैत्र्या उपयोग किंवा सुख संपले की संपतात. तिसरी टिकते, कारण तिच्यात मित्राचे भले हे मित्रासाठीच इच्छिलेले असते. आता ज्या मैत्रीची परीक्षा केवळ गरजेच्या वेळी घ्यायची, ती मैत्री आपण नकळत पहिल्या प्रकारात ढकललेली असते. तिला आपण ‘खरी’ म्हणतो, पण तिचा हिशोब मात्र दुकानातल्या उधारीच्या वहीसारखा ठेवतो.

या कसोटीला शुभवर्तमानातच एक विलक्षण प्रसंग आडवा येतो. संत योहानाच्या शुभवर्तमानाच्या अकराव्या अध्यायात बेथानीच्या घराची हकीकत आहे. मार्था आणि मरिया या बहिणींनी प्रभू येशूकडे निरोप धाडला की, ज्याच्यावर तुमचे प्रेम आहे तो आजारी आहे. या निरोपात मागणी अशी नाही. मैत्रीत ती शब्दांत मांडावी लागत नाही. लाझरसला प्रभू स्वतः आपला मित्र म्हणतो, आणि या तिन्ही भावंडांवर त्याचे प्रेम होते हे शुभवर्तमानकार मुद्दाम नमूद करतो. आणि लगेच पुढे काय सांगतो? निरोप मिळाल्यावर येशू होता त्याच ठिकाणी आणखी दोन दिवस राहिला. तो धावून गेला नाही. तो बेथानीला पोहोचला तेव्हा लाझरसला कबरेत ठेवून चार दिवस झाले होते. आपल्या नेहमीच्या कसोटीवर घासून पाहिले तर या प्रसंगी प्रभू येशूच मित्र म्हणून अनुत्तीर्ण ठरतो!

आपण या प्रसंगाचा शेवट जाणतो म्हणून तो दोन दिवसांचा विलंब आपल्याला टोचत नाही. परंतु त्या बहिणींना शेवट ठाऊक नव्हता. भाऊ डोळ्यांदेखत गेला होता आणि ज्याच्यावर भिस्त होती तो आला नव्हता. मार्थाने काय केले ते पाहण्यासारखे आहे. तिने दार लावून घेतले नाही, शेजारणींजवळ कुरकुर केली नाही. ती गावाबाहेर त्याला सामोरी गेली आणि तोंडावर म्हणाली की, आपण येथे असता तर माझा भाऊ गेला नसता. थोड्या वेळाने मरियानेही तेच म्हटले. ही तक्रार आहे, आणि प्रभूने ती शांतपणे ऐकून घेतली. तो मार्थाशी पुनरुत्थानाविषयी बोलला, मरियेला रडताना पाहून स्वतः रडला, पण तक्रार केल्याबद्दल त्याने कुणालाही दटावले नाही. या घरात मित्र ‘नाही’ असे वागू शकत होता आणि मित्राला ‘असे का केलेत?’ असे विचारताही येत होते. तरीही प्रेम शाबूत होते. आम्हांला वाटते, खऱ्या मैत्रीची खूण शोधायची तर ती येथे शोधावी : जेथे नकार देता येतो, नकार ऐकता येतो, आणि त्यानंतरही दोघे परस्परांचे राहतात.

आपल्या समाजात मात्र नकार देणे ही फार अवघड गोष्ट होऊन बसली आहे. मराठीत तिच्यासाठी एक नेमका शब्द आहे : भीड. समोरचा आपला आहे, त्याला नाही कसे म्हणायचे? त्याला काय वाटेल? लोक काय म्हणतील? भिडेपोटी आपण हो म्हणतो, भिडेपोटी सही करतो, भिडेपोटी गप्प बसतो. आपल्या पूर्वजांनी ‘भीड ही भिकेची बहीण’ असे म्हणून ठेवले आहे, ते केवळ पैशाच्या बाबतीत खरे नाही. भिडेने माणूस मनानेही दरिद्री होतो. कारण भिडेपोटी दिलेला होकार हा प्रेमाचा होकार नसतो, भीतीचा असतो. वरून तो मैत्रीसारखा दिसतो. आतून मात्र देणारा चरफडत असतो आणि घेणाऱ्याला त्याचा पत्ताही नसतो. अशा होकारांवर उभी राहिलेली मैत्री वर्षानुवर्षे टिकलेली दिसते, आणि एक दिवस क्षुल्लक कारणाने कोसळते. मग लोक म्हणतात, एवढ्याशा कारणावरून कसे बिनसले? कारण एवढेसे नव्हते. कित्येक वर्षांचे न बोललेले नकार तेथे साठलेले होते.

जामिनाचेच उदाहरण घेऊ. आपल्या गावांतून पतपेढ्या आणि सहकारी बँका यांनी सामान्य कुटुंबांना मोठा आधार दिला आहे. कर्जासाठी जामीनदार लागतो, आणि जामीनदार म्हणून मित्राकडेच जावे लागते. समजा, मागणाऱ्याचा धंदा बुडीत चालला आहे आणि नवे कर्ज हे जुने कर्ज झाकण्यासाठी आहे, हे मित्राला ठाऊक आहे. तरीही तो सही करतो, कारण नाही म्हणवत नाही. पुढे हप्ते थकतात, जामीनदाराच्या पगाराला कात्री लागते, त्याच्या घरी भांडणे होतात, आणि दोघे रस्त्यात भेटले तरी बघून न बघितल्यासारखे करतात. पवित्र शास्त्र याबाबतीत किती व्यवहारी आहे पाहा. नीतिसूत्रांचा ग्रंथ शेजाऱ्याला जामीन राहून अडकलेल्याला, शिकाऱ्याच्या हातातून सुटणाऱ्या हरिणासारखी आपली सुटका करून घ्यावयास सांगतो. बेनसिराचा ग्रंथ सज्जन माणूस शेजाऱ्याला जामीन राहतो असे म्हणून त्याची स्तुती करतो, आणि त्याच अध्यायात जामिनामुळे अनेक सुस्थितीतील माणसे धुळीला मिळाली याचीही आठवण देतो. म्हणजे मदत करावी, पण आंधळेपणाने नव्हे. बुडत्या मित्राला सहीचा नकार देऊन, त्याच्या वह्या घेऊन त्याच्याबरोबर दोन रात्री बसणारा आणि दुकान वेळीच बंद करण्याचा सल्ला देणारा मित्र, डोळे मिटून सही करणाऱ्यापेक्षा अधिक देतो.

याहून नाजूक प्रसंग स्थळाच्या चौकशीचा. मित्राच्या मुलाचे लग्न ठरत आहे. मुलीकडची माणसे आपल्याकडे येतात आणि विश्वासाने विचारतात, मुलगा कसा आहे? मुलाला दारूचे व्यसन आहे हे आपल्याला माहीत आहे, आणि आपल्याला ते माहीत आहे हे मित्रालाही माहीत आहे. ‘चांगले घराणे आहे’ एवढे मोघम बोलून आपण मोकळे होतो आणि याला मित्रकर्तव्य समजतो. ज्या मुलीचे आयुष्य त्या मोघम वाक्यावर उभे राहणार आहे, तिचा आपण विचार केलेला नसतो. मित्राच्या मुलाचाही केलेला नसतो, कारण लग्नाने व्यसन सुटते या भाबड्या समजुतीला आपण हातभार लावलेला असतो. येथे मैत्रीचे कर्तव्य चौकशीला येणारे दारात येण्यापूर्वीच सुरू होते. मित्राकडे एकट्याने जाऊन त्याला सांगावे लागते की, मुलाचा उपचार आधी करा, लग्नाचे नंतर पाहू. आणि मला कुणी विचारले तर मी खोटे सांगणार नाही. हे वाक्य उच्चारणे कठीण आहे. ते ऐकणे तर त्याहूनही कठीण आहे.

खोट्यात साथ मागू नये आणि मागितली तर देऊ नये, हा मैत्रीचा नियम फार जुना आहे. रोमन वक्ता सिसेरो याने इ. स. पूर्व 44 मध्ये मैत्रीवर लिहिलेल्या संवादात तो मांडला. बाराव्या शतकात इंग्लंडमधील रिव्हो येथील मठाचे मठाधिपती संत एल्रेड यांनी सिसेरोचा तो ग्रंथ तरुणपणी वाचला होता. पुढे त्यांनी आध्यात्मिक मैत्रीवर स्वतःचा संवाद रचला आणि तो नियम ख्रिस्ताच्या प्रकाशात पुन्हा सांगितला. एल्रेड म्हणतात की मित्र आधी निवडावा, मग पारखावा, आणि नंतरच त्याला अंतःकरणात जागा द्यावी. ही पारख तो आपल्याला काय देतो याची नाही. त्याची निष्ठा, त्याचा हेतू, त्याचा विवेक आणि त्याचा संयम यांची ती पारख आहे. आपल्या भारतीय परंपरेत कर्णाची कथा याच नियमाची दुसरी बाजू दाखवते. दुर्योधनाने भर सभेत त्याची लाज राखली, त्याला अंगदेशाचे राज्य दिले. कर्ण त्या उपकाराखाली असा दबला की अधर्म कोणत्या बाजूला आहे हे कळूनही त्याला ती बाजू सोडता आली नाही. त्याच्या निष्ठेने आपले मन हेलावते. परंतु ज्या मैत्रीला तोंडावर ‘नाही’ ऐकावे लागले नाही, ती दुर्योधनाला वाचवू शकली नाही आणि कर्णालाही नाही.

ख्रिस्तसभेच्या इतिहासात संतांच्या मैत्रीच्या कथा पुष्कळ आहेत, पण त्या सर्वच गोड नाहीत. संत बेसिल आणि नाझियानझसचे संत ग्रेगरी हे चौथ्या शतकातील कप्पदुकिया प्रांताचे सुपुत्र. अथेन्समध्ये ते एकत्र शिकले. एकच खोली, एकच अभ्यास, एकच ध्येय, अशी त्यांची मैत्री होती. पुढे 370 मध्ये बेसिल कैसरियाचे बिशप झाले. त्यानंतर सुमारे दोन वर्षांनी सम्राट वालेन्सने प्रांताची विभागणी केली आणि नव्या भागावर दुसऱ्या एका बिशपांनी आपला हक्क सांगितला. आपली बाजू राखण्यासाठी बेसिल यांनी नवी बिशपपदे निर्माण केली, आणि त्यांपैकी सासिमा नावाच्या एका रुक्ष, धुळीने भरलेल्या, हमरस्त्यावरील ठाण्यासाठी ग्रेगरींची निवड केली. ग्रेगरींना एकांत, प्रार्थना आणि लेखन प्रिय होते. त्यांना ते पद नको होते. पण मित्राचा आग्रह आणि स्वतःच्या वृद्ध वडिलांचा दबाव यांपुढे ते वाकले आणि त्यांनी अभिषेक स्वीकारला.

या प्रसंगात दोघांकडेही आपल्यासाठी धडा आहे. बेसिल यांचा हेतू स्वार्थी नव्हता. ते श्रद्धेच्या रक्षणासाठी झगडत होते. परंतु मित्राचा स्वभाव काय, त्याला काय पेलेल, याचा विचार न करता त्यांनी त्याला पटावरच्या सोंगटीसारखे पुढे सरकवले. ग्रेगरींनीही स्पष्ट नकार दिला नाही. त्यांनी होकार दिला आणि मग सासिमात राहून कार्यभार सांभाळण्याचे टाळले. न दिलेला नकार असाच वागण्यातून बाहेर पडतो. त्यातून दोघांमध्ये जी कटुता आली ती ग्रेगरींच्या पत्रांत आणि त्यांच्या पद्यमय आत्मचरित्रात उमटलेली आहे. 379 मध्ये बेसिल निवर्तले. त्यानंतर काही वर्षांनी ग्रेगरींनी त्यांच्या स्मृतीस वाहिलेले प्रवचन ख्रिस्ती साहित्यातील एक महान प्रवचन मानले जाते. त्यात अथेन्सच्या दिवसांचे हृद्य वर्णन आहे, मित्राच्या पुण्याईचा मनःपूर्वक गौरव आहे, आणि सासिमाची जखम अजून दुखते याची प्रांजळ कबुलीही आहे. त्यांनी जखम लपवून स्तुती केली नाही आणि जखमेपायी स्तुती आखडतीही घेतली नाही. आज ख्रिस्तसभा या दोघांचा स्मृतिदिन 2 जानेवारी या एकाच दिवशी पाळते. दुखावलेली मैत्रीही पवित्र असू शकते, हे आपल्याला कळावे म्हणून तरी हा दिवस आपण लक्षात ठेवावा.

नकार न सोसणाऱ्या मित्राचे उदाहरण पाहायचे असेल तर इंग्लंडचा राजा आठवा हेन्री आपल्यासमोर आहे. सर थॉमस मोर यांची विद्वत्ता आणि विनोदबुद्धी राजाला फार आवडत असे. तो न कळवता त्यांच्या चेल्सी येथील घरी जेवायला येई. एकदा तर तो त्यांच्या गळ्यात हात टाकून तासभर बागेत फिरला. त्यांच्या जावयाने ही हकीकत लिहून ठेवली आहे. जावयाला याचे मोठे अप्रूप वाटले, तेव्हा मोर त्याला म्हणाले की, माझे डोके देऊन राजाला फ्रान्समधला एखादा किल्ला मिळणार असेल तर ते उडवायला तो कमी करणार नाही. मोर यांना त्या मैत्रीची किंमत ठाऊक होती. पुढे राजाचा दुसरा विवाह आणि ख्रिस्तसभेवरील त्याचे प्रमुखत्व यांचा प्रश्न उभा राहिला. मोर यांनी 1532 मध्ये चॅन्सेलरपद सोडले. त्यांनी राजाविरुद्ध कट केला नाही, त्याला शिव्याशाप दिले नाहीत. केवळ सदसद्विवेकाविरुद्ध शपथ घेण्यास ते तयार झाले नाहीत. 6 जुलै 1535 रोजी त्यांचा शिरच्छेद झाला. राजाला हवे ते बोलणारे दरबारी त्याच्याभोवती पुष्कळ होते. त्याच्या आत्म्याचे भले चिंतणारा एक मित्र त्याला लाभला होता, आणि त्यालाच त्याने मारले.

याउलट नकार सोसल्यामुळे मैत्री कशी फुलते याचे उदाहरण आपल्या अगदी जवळचे आहे, कारण त्या मित्राचे अवशेष जुन्या गोव्यातील बॉम जेझू बॅसिलिकेत आहेत. 1529 मध्ये पॅरिसच्या सेंट बार्ब महाविद्यालयात संत फ्रान्सिस झेव्हियर आणि संत पीटर फेबर हे दोन समवयस्क तरुण एका खोलीत राहत होते. तेथे इग्नेशियस लोयोला हे त्यांच्याहून पुष्कळ मोठ्या वयाचे विद्यार्थी राहावयास आले. 1521 च्या पॅम्प्लोनाच्या लढाईत इग्नेशियस ज्या बाजूने लढले होते, तिच्याविरुद्ध झेव्हियर यांचे भाऊ लढले होते. फेबर लवकरच इग्नेशियस यांच्या विचारांकडे वळले, पण झेव्हियर यांना मानमरातब हवा होता, आणि ते काही वर्षे इग्नेशियस यांना दाद देईनात. इग्नेशियस यांनी त्यांच्यावर ना रुसवा धरला, ना त्यांना बाजूला सारले. उलट त्यांच्या वर्गाला विद्यार्थी मिळवून देण्याची खटपट केली. शेवटी झेव्हियर स्वतःहून वळले, आणि 15 ऑगस्ट 1534 रोजी मोंमार्त्र येथे सात सोबत्यांनी मिळून व्रत घेतले.

1540 मध्ये भारतात जाण्यासाठी नेमलेले एक सोबती आजारी पडले, आणि इग्नेशियस यांनी झेव्हियर यांना विचारले. ते तात्काळ तयार झाले आणि एक-दोन दिवसांत रोमहून निघाले. त्या दोघांची या जगात पुन्हा भेट झाली नाही. हा होकार इतका सहज आला, कारण त्यामागे भीड नव्हती. ज्या माणसाला अनेक वर्षे मोकळेपणाने ‘नाही’ म्हणू दिले होते, त्याचा तो ‘हो’ होता. जेथे नकार देता येत नाही तेथे होकाराला मोल नसते. 6 मे 1542 रोजी झेव्हियर गोव्यास पोहोचले. पुढे मोलुक्काच्या बेटांकडे असताना त्यांनी सोबत्यांना कळवले की, तुमच्या पत्रांवरील तुमच्या हातच्या सह्या कापून मी त्या माझ्या व्रताच्या मजकुरासोबत सदैव अंगावर बाळगतो. मित्रांपासून त्यांना काही मदत मिळण्याजोगी नव्हती. पत्र पोहोचण्यास वर्ष-दोन वर्षे लागत. 28 जून 1553 रोजी इग्नेशियस यांनी त्यांना युरोपात परत बोलावणारे पत्र लिहिले, तेव्हा चीनच्या किनाऱ्याजवळील बेटावर झेव्हियर यांचे निधन होऊन सहा महिने उलटून गेले होते. अडचणीच्या वेळी धावून येणे या मैत्रीत शक्यच नव्हते. तरी तिला अपुरी म्हणण्याचे धाडस कोण करील?

येथे एक आक्षेप येईल, आणि तो रास्त आहे. नकाराची अशी थोरवी गायिली तर कंजूष आणि निष्ठुर माणसाला आयतेच निमित्त मिळेल. ‘मी तुझ्या भल्यासाठीच नाही म्हणतो’ असे सांगून तो आपली तिजोरी आणि आपली झोप सांभाळील. संत याकोबाचे पत्र अशा माणसाला चांगलेच ओळखते. उघड्या-उपाशी भावाला ऊब घे, पोटभर जेव असे म्हणून रिकाम्या हाताने परत पाठवणाऱ्या श्रद्धेला ते मृत म्हणते. मित्राच्या घरी मूल तापाने फणफणले असेल, चूल पेटलेली नसेल, तर तेथे नकाराचा प्रश्नच उद्भवत नाही. तेथे तत्त्वज्ञान बाजूला ठेवून उठावे लागते. म्हणून नकार देण्यापूर्वी आपण स्वतःला तीन गोष्टी विचाराव्यात असे आम्ही सुचवतो. हा नकार मित्राचे भले राखतो की माझी सोय राखतो? तो मी त्याच्या तोंडावर देतो आहे की सबबींच्या आडून देतो आहे? आणि नकार दिल्यानंतर मी त्याच्याजवळ थांबणार आहे की सुटकेचा निःश्वास टाकून दूर जाणार आहे? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर बहुधा पहिल्याचेही उत्तर देते.

नकार देण्यापेक्षा तो पचवणे अधिक कठीण, कारण तेथे आपला मान दुखावतो. संत लूकच्या शुभवर्तमानात प्रभूने मध्यरात्रीच्या मित्राचा दाखला दिला आहे. पाहुणा आला, घरात भाकरी नाही, म्हणून एक जण मित्राचे दार ठोठावतो. आतून उत्तर येते की, मला त्रास देऊ नकोस, दार लावले आहे, मुले झोपली आहेत. मित्राच्या तोंडचा हा सरळ नकार आहे! बाहेरचा मनुष्य मात्र अपमान झाला असे समजून पाय आपटत परत जात नाही. तो तेथेच उभा राहतो, पुन्हा ठोठावतो. आपण हा दाखला प्रार्थनेतील चिकाटीविषयीचा म्हणून ऐकतो, आणि तो तसाच आहे. परंतु त्या बाहेर उभ्या असलेल्या माणसाच्या मनाचा मोकळेपणा मैत्रीच्या बाबतीतही शिकण्यासारखा आहे. एका ‘नाही’ने आपले नाते संपले असे त्याला वाटत नाही.

आणि प्रार्थनेचा विषय निघालाच आहे तर शेवटची गोष्ट बोलली पाहिजे. शेवटच्या भोजनाच्या वेळी प्रभूने शिष्यांना सांगितले की यापुढे मी तुम्हांला दास म्हणत नाही, मित्र म्हणतो. त्याच रात्री गेथसेमनी बागेत त्याने त्या मित्रांकडे एक लहानशी मागणी केली : माझ्यासोबत जागे राहा. ते झोपी गेले. त्याच रात्री त्याने पित्याकडेही मागणी केली की, हा प्याला माझ्यापासून दूर होऊ दे. तो दूर झाला नाही. एका रात्रीत त्याच्या दोन विनंत्या अपूर्ण राहिल्या, एक मित्रांच्या दुबळेपणामुळे आणि एक पित्याच्या इच्छेमुळे. त्याने ना मित्रांना सोडले, ना पित्याला. पुनरुत्थानानंतर तो त्याच मित्रांना शोधत आला. आपण मात्र नोव्हेना करतो, मेणबत्ती लावतो, आणि मागितलेले मिळाले नाही की देवावर रुसतो. मित्राला ज्या मापाने आपण मोजतो त्याच मापाने देवालाही मोजू लागतो. जो केवळ देणाऱ्या मित्राला मित्र म्हणतो, त्याची प्रार्थनाही हळूहळू मागण्यांची यादी होऊन जाते.

म्हणून मैत्रीचे शिक्षण घरातूनच व्हावयास हवे. मुलाला मित्राने परीक्षेत उत्तर दाखवण्यास सांगितले आणि त्याने ते दाखवले नाही, तर त्याला ‘स्वार्थी’ म्हणू नये. त्याने मित्राला आदल्या दिवशी अभ्यासाला घरी बोलावले होते का, हे मात्र अवश्य विचारावे. नवऱ्याने बायकोला आणि बायकोने नवऱ्याला मोकळेपणाने नाही म्हणता यावे, म्हाताऱ्या आईवडिलांनाही आपले म्हणणे नाकारले गेले म्हणून प्रेम आटले असे वाटू नये, असे वातावरण ज्या घरात असते तेथली मुले पुढे भिडेची मैत्री करीत नाहीत.

बेनसिरा सांगतो की मित्रावर तलवार उपसली असली तरी निराश होऊ नये, परतीची वाट असते. मात्र विश्वासघात आणि गुपिताची उघडकी यांनी मित्र दूर जातो. मित्राचा नकार या दोहोंपैकी काहीच नसतो. आपल्यापैकी प्रत्येकाच्या आयुष्यात असा एखादा माणूस असेल, ज्याने एकदा सही केली नाही, उसने दिले नाहीत, आपल्या बाजूने साक्ष दिली नाही, आणि त्या दिवसापासून आपण त्याच्याशी बोलणे टाकले. कदाचित रविवारच्या मिस्साला तो आपल्यापुढे दोन बाकांवर बसत असेल. शांतीचे चिन्ह देण्याची वेळ येते तेव्हा आपण वळून मागच्यांना, शेजारच्यांना हात जोडतो आणि पुढे पाहण्याचे टाळतो. येत्या रविवारी पुढेही पाहावे. त्याने आपल्याला नाही म्हटले, तेव्हा त्याच्याही मनाला ते सोपे गेले नसेल.